जालन्याचे हरवलेले मनोरुग्णालय

'जालना सोने का पालना' ही म्हण मराठवाड्यात आजही कौतुकाने सांगितली जाते. कुंडलिका नदीच्या काठी वसलेले हे गाव व्यापाराने, कापसाने, रेल्वेने आणि पुढे बियाणे व पोलादाच्या उद्योगाने मोठे झाले. ही सारी ओळख तोंडपाठ असलेल्या अनेकांना एक गोष्ट मात्र ठाऊक नसते. निजामाच्या हैदराबाद संस्थानाचे मनोरुग्णांसाठीचे सरकारी रुग्णालय एके काळी याच गावात होते. १९५३ साली ते येथून उचलून हैदराबादला नेण्यात आले आणि शहराच्या पश्चिमेकडील एर्रागड्डा येथे स्थिरावले. तेथे ती संस्था अद्यापही चालू आहे; तिच्या पूर्वेतिहासात पहिले नाव जालन्याचे येते. ज्या मराठवाड्याच्या भूमीवर ती उभी होती, तेथे मात्र तिचा उल्लेख क्वचितच होतो.

जालना त्या काळी औरंगाबाद जिल्ह्यात होते. स्वतंत्र जालना जिल्हा अस्तित्वात आला तो १ मे १९८१ रोजी. त्यामुळे आजच्या छत्रपती संभाजीनगरपासून अवघ्या साठेक किलोमीटरवर असलेल्या या रुग्णालयाचा इतिहास म्हणजे जुन्या औरंगाबाद जिल्ह्याचाच इतिहास आहे.

ओस पडलेल्या मनोरुग्णालयांविषयी जगभर एक विचित्र कुतूहल आढळते. गंजलेले पलंग, तुटलेली तावदाने, भिंतींवरचे ओरखडे यांची छायाचित्रे काढली जातात, भुताखेतांच्या कहाण्या रचल्या जातात, चित्रपट निघतात. जालन्याच्या कहाणीत असे काही शोधणाऱ्याच्या पदरी निराशाच येईल. येथे महत्त्वाची ठरली ती संस्था निघून गेल्यावर मागे राहिलेली पोकळी, आणि ती पोकळी सहा दशकांहून अधिक काळ टिकली.

राजधानीपासून दूर

हैदराबाद हे क्षेत्रफळाने आणि लोकसंख्येने देशातील अग्रगण्य संस्थान. त्याचा विस्तार ८२ हजार चौरस मैलांहून अधिक होता. तेलुगू, मराठी आणि कन्नड अशा तीन भाषांचे प्रदेश त्यात होते आणि कारभाराची भाषा होती उर्दू. औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड आणि उस्मानाबाद हे पाच जिल्हे म्हणजे त्यातला मराठवाडा.

आधुनिक वैद्यकाच्या बाबतीत हे संस्थान मागासलेले होते असे म्हणता येणार नाही. क्लोरोफॉर्मची भूल कितपत सुरक्षित आहे याचा तपास करणारे आयोग १८८० च्या दशकाच्या अखेरीस हैदराबादेतच बसले आणि त्यांच्या निष्कर्षांची चर्चा लंडनपर्यंत पोहोचली. हिवतापाचा जंतू डासाच्या पोटात असतो हे रोनाल्ड रॉस यांनी २० ऑगस्ट १८९७ रोजी सिकंदराबादेत शोधून काढले. पुढे मुसी नदीच्या काठी उस्मानिया रुग्णालयाची भव्य वास्तू उभी राहिली. उस्मानिया विद्यापीठाने तर वैद्यकाचे शिक्षणही उर्दूतून देण्याचा प्रयोग केला. राजधानीत हे सर्व घडत असताना मनोरुग्णांची व्यवस्था मात्र राजधानीपासून चारशेहून अधिक किलोमीटरवर, संस्थानाच्या वायव्य टोकाला होती.

जालना हे लष्करी छावणीचे जुने ठाणे. हैदराबाद कंटिन्जंट या फौजेची केंद्रे औरंगाबाद, हिंगोली, मोमिनाबाद म्हणजे आजचे अंबाजोगाई, आणि जालना अशी पसरलेली होती. १९०३ मध्ये ही फौज ब्रिटिशांच्या हिंदी लष्करात विलीन झाली आणि जालन्याचे लष्करी महत्त्व संपले. त्याच सुमारास, १९०० साली, मनमाड ते सिकंदराबाद हा गोदावरी खोऱ्यातील मीटरगेज लोहमार्ग सुरू झाल्याने हे गाव राजधानीशी थेट जोडले गेले. तेलंगणातील एखाद्या खेड्यातून निघालेल्या रुग्णाला जालन्याला आणायचे म्हणजे त्याला भाषा, माणसे आणि मुलूख या तिन्हींपासून तोडणे होते. येथील वाट्याला हीच परिस्थिती पुढे उलट्या दिशेने यायची होती.

तुरुंगाची सावली

या संस्थेचे मूळ तुरुंगाच्या व्यवस्थेत होते आणि यात हैदराबादचे काही वेगळेपण नव्हते. मनोविकार हा आजार आहे या समजुतीला राज्यकारभारात उशिरा स्थान मिळाले. त्याआधी तो सुव्यवस्थेचा प्रश्न मानला गेला. रस्त्यावर भटकणारा, अंगावर धावून जाणारा, घरच्यांना आवरेनासा झालेला माणूस पोलिसांच्या ताब्यात जाई आणि तेथून त्याची रवानगी होई. ब्रिटिश हिंदुस्थानात १८५८ च्या कायद्याने वेड्यांच्या आश्रमांची रीतसर व्यवस्था लागली. १९१२ च्या भारतीय वेडेपणा कायद्याने दंडाधिकाऱ्याच्या हुकमाशिवाय सहसा कोणाला दाखल करता येईनासे झाले. संस्थानांना हे कायदे आपोआप लागू होत नसत. पण दृष्टी सर्वत्र एकच होती. माणूस बरा होऊन केव्हा परतेल, यापेक्षा तो बाहेर कसा पडणार नाही याची काळजी अधिक घेतली जाई.

भाषेतही ही दृष्टी उतरलेली दिसते. मराठीत 'वेड्यांचे इस्पितळ', दख्खनीत 'पागलखाना'. १९२० च्या दशकाच्या आरंभी ब्रिटिश हिंदुस्थानात अशा संस्थांचे सरकारी नाव बदलून 'मेंटल हॉस्पिटल' करण्यात आले, परंतु बोलीतले जुने शब्द हटले नाहीत. 'याला येरवड्याला पाठवा', 'ठाण्याला भरती करा' ही वाक्ये मराठी घरांत थट्टेने अजूनही ऐकू येतात. हैदराबादेत तेच स्थान एर्रागड्डा या नावाला मिळाले असून तेलुगू चित्रपटांतील विनोदांनी ते घट्ट केले आहे. 'येरवडा' या एका शब्दात मराठी माणसाला तुरुंग आणि मनोरुग्णालय दोन्ही दिसतात, हाही निव्वळ योगायोग नव्हे. राज्यातील चार जुनी मनोरुग्णालये ज्या चार शहरांत आहेत, त्या पुणे, ठाणे, नागपूर आणि रत्नागिरी या चारही शहरांत जुने कारागृह आहे.

या संस्थांच्या आत काय चालत असे, याचे एक अधिकृत चित्र भोर समितीच्या अहवालात सापडते. सर जोसेफ भोर यांच्या अध्यक्षतेखालील या समितीने १९४६ मध्ये देशाच्या आरोग्यव्यवस्थेचा आढावा सादर केला. तिच्यासाठी मनोरुग्णालयांची पाहणी रांचीच्या युरोपियन मनोरुग्णालयाचे अधीक्षक कर्नल मूर टेलर यांनी केली. बहुतेक रुग्णालये जुनाट आहेत, त्यांची रचना उपचारांपेक्षा कोंडून ठेवण्याच्या हेतूने झालेली आहे, असा त्यांच्या पाहणीचा रोख होता. ब्रिटिश हिंदुस्थानात सुमारे ४० हजार लोकसंख्येमागे मनोरुग्णांसाठी एक खाट होती. इंग्लंडमध्ये हे प्रमाण सुमारे ३०० लोकांमागे एक असे होते. हे आकडे ब्रिटिश मुलखाचे आहेत. परंतु सव्वा दोन लाख चौरस किलोमीटरच्या आसपास पसरलेल्या संस्थानाच्या मनोरुग्णांचा भार जालन्यासारख्या एका गावावर टाकलेला असताना येथील चित्र याहून उजळ असण्याचे काही कारण नव्हते.

आजार अंगात भिनल्यावर हाती काय होते, हेही पाहिले पाहिजे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात युरोपातून एकामागून एक उपाय निघाले. उपदंशामुळे होणाऱ्या मेंदूच्या विकारावर रुग्णाला मुद्दाम हिवताप जडवण्याच्या उपचाराबद्दल १९२७ साली वाग्नर-याउरेग यांना नोबेल पारितोषिक मिळाले. १९३० च्या दशकात इन्शुलिन देऊन रुग्णाला बेशुद्धीत नेण्याची पद्धत आली, औषधाने आचके आणण्याची पद्धत आली आणि १९३८ मध्ये रोममध्ये विजेच्या झटक्यांचा पहिला प्रयोग झाला. मेंदूच्या पुढच्या भागावर शस्त्रक्रिया करणारे पोर्तुगीज डॉक्टर मोनिझ यांना १९४९ मध्ये नोबेल मिळाले. पुढे त्या शस्त्रक्रियेची आठवणही वैद्यकाला नकोशी झाली. यांपैकी विजेचे झटके तेवढे, भूल देऊन आणि स्नायू शिथिल करून, आजही उपयोगात आहेत. एरवी त्या काळच्या मनोरुग्णालयात कोंडून ठेवणे, गुंगीचे औषध देणे, काम करून घेणे आणि वाट पाहणे याखेरीज फारसे काही नव्हते.

ऐन वेळी

जालन्यातून रुग्णालय हलले ते वर्ष या दृष्टीने फार बोलके आहे. १९५२ मध्ये पॅरिसच्या सेंट आन रुग्णालयात डिले आणि डेनिकर या डॉक्टरांनी क्लोरप्रोमाझिन हे औषध मनोरुग्णांना देऊन पाहिले. वर्षानुवर्षे भिंतीकडे तोंड करून बसलेली माणसे बोलू लागली, आरडाओरडा करणारे वॉर्ड शांत झाले. मनोविकारांवरील औषधोपचारांचे युग येथून सुरू झाले असे मानले जाते. त्याच वर्षी आपल्याकडील सर्पगंधा या वनस्पतीतून रेसरपीन हे द्रव्य वेगळे काढण्यात आले. सर्पगंधेचा वेडावर आणि रक्तदाबावर गुण येतो हे कोलकात्याचे गणनाथ सेन आणि कार्तिकचंद्र बोस यांनी १९३१ मध्येच लिहून ठेवले होते, याकडे जगाचे लक्ष वीस वर्षांनी गेले. १९५४ मध्ये बंगळुरूला अखिल भारतीय मानसिक आरोग्य संस्था सुरू झाली. पुढे तीच 'निम्हान्स' या नावाने देशभर ओळखली गेली.

म्हणजे मनोरुग्ण बरा होऊन घरी परतू शकतो हे प्रथमच दिसू लागले, नेमक्या त्याच वेळी मराठवाड्यातील एकमेव मनोरुग्णालय निघून गेले. या भूभागाने मनोरुग्णालयाचा कोंडवाड्याचा काळ अनुभवला. उपचारांचा काळ अनुभवण्याआधीच त्याचे दार बंद झाले. या आजारांविषयी येथे जी भीती आणि जो संकोच दीर्घकाळ राहिला, त्यामागे अज्ञान आहे असे सांगण्याची पद्धत आहे. पण बरा होऊन परतलेला माणूस ज्या गावाने पाहिलेलाच नाही, त्या गावाने आशा कशाच्या बळावर धरायची, हा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही.

१९५३ च्या आगेमागे

सप्टेंबर १९४८ च्या पोलिस कारवाईने निजामी राजवट संपली. १९५२ च्या निवडणुकीनंतर हैदराबाद राज्यात लोकनियुक्त सरकार आले. राज्य अजून एकसंध होते, राजधानी हैदराबाद होती, वैद्यकीय महाविद्यालय आणि तज्ज्ञ डॉक्टरही तेथेच होते. मनोरुग्णालयाची सांगड वैद्यकीय शिक्षणाशी घातली पाहिजे, हा विचार त्या काळच्या वैद्यकात सर्वमान्य होऊ लागला होता. त्यामुळे निव्वळ वैद्यकीय दृष्टीने पाहिले तर रुग्णालय राजधानीजवळ असणे गैर म्हणता येत नाही. रुग्णांच्या दृष्टीनेही, राज्यातील बहुसंख्य लोकांना जालन्यापेक्षा हैदराबाद जवळचे होते.

परंतु इतिहासाला हे गणित मान्य नव्हते. त्याच वर्षी २८ सप्टेंबर १९५३ रोजी नागपूर करारावर सह्या झाल्या. संयुक्त महाराष्ट्रात येणाऱ्या मराठवाड्याच्या मागासलेपणाकडे विशेष लक्ष पुरविण्याचे आश्वासन त्यात होते. एकीकडे मराठवाडा हैदराबादपासून वेगळा होण्याच्या वाटाघाटी चालल्या होत्या आणि दुसरीकडे मराठवाड्यातील एक संस्था हैदराबादला स्थिरावत होती. तीन वर्षांनी, १ नोव्हेंबर १९५६ रोजी, राज्यपुनर्रचना झाली. मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला, एर्रागड्डा आंध्र प्रदेशात गेले. स्थलांतर तीन वर्षे लांबले असते, तर मालमत्तेच्या वाटपात हे रुग्णालय मराठवाड्याच्या, आणि पर्यायाने महाराष्ट्राच्या, वाट्याला आले असते असे म्हणायला जागा आहे.

सीमा हलल्या की मनोरुग्णांचे काय होते, याचे याहून कितीतरी दारुण उदाहरण याच काळातले आहे. फाळणीनंतर १९५० मध्ये भारत आणि पाकिस्तान यांनी आपापल्या मनोरुग्णालयांतील रुग्णांची धर्मानुसार अदलाबदल केली. लाहोरचे हिंदू आणि शीख रुग्ण अमृतसरला आले, भारतातील मुस्लिम रुग्ण तिकडे गेले. सआदत हसन मंटो यांनी त्यावरच 'टोबा टेक सिंह' ही कथा लिहिली. जालन्याचे स्थलांतर हा एकाच राज्यातील प्रशासकीय फेरफार होता आणि त्यावर कोणी कथा लिहिली नाही. मात्र रुग्णाला विचारून काही ठरत नसते, ही गोष्ट दोन्हींकडे सारखीच.

नकाशातील रिकामी जागा

महाराष्ट्र राज्य स्थापन झाले तेव्हा त्याच्या वाट्याला ब्रिटिशांनी उभारलेली चार मनोरुग्णालये आली. नागपूरचे १८६४ चे, रत्नागिरीचे १८८६ चे, ठाण्याचे १९०१ चे आणि येरवड्याचे. विदर्भाला एक मिळाले, कोकणाला दोन आणि पश्चिम महाराष्ट्राला एक. मराठवाड्याची पाटी कोरी राहिली. पुढील काळात या चार रुग्णालयांच्या मंजूर खाटांचे आकडे दीर्घकाळ असे होते: येरवडा २५४०, ठाणे १८५०, नागपूर ९४०, रत्नागिरी ३६५. बेरीज ५६९५. त्यांपैकी मराठवाड्यात एकही नाही.

प्रादेशिक अनुशेषाची चर्चा महाराष्ट्रात पुष्कळ झाली. दांडेकर समितीने १९८४ मध्ये अनुशेषाची मोजदाद केली, १९९४ मध्ये वैधानिक विकास मंडळे आली. सिंचन, रस्ते, वीज यांवरून विधिमंडळात वादळे उठली. मनोरुग्णालयासाठी मोर्चा निघाल्याचे कोणाच्या ऐकिवात नाही. त्याचे कारण उघड आहे. ज्यांना त्याची गरज होती, त्यांच्या घरच्यांना ती गरज चारचौघांत सांगायची नव्हती.

मराठवाड्यातील रुग्णांना मुख्यतः पुण्याचा रस्ता धरावा लागे. जालन्याहून येरवडा सुमारे तीनशे किलोमीटर. पूर्वेकडील जिल्ह्यांना पुणे असो वा नागपूर, प्रवास रात्रभराचाच. तापाचा रुग्ण एसटीत आडवा करून नेता येतो; ज्याला आपल्याविरुद्ध कट चालला आहे असे वाटते, अशा माणसाला भरलेल्या बसमधून दहा तास नेणे म्हणजे काय, हे नेणाऱ्यालाच माहीत. सोबत दोन धडधाकट माणसे लागतात, त्यांची मजुरी बुडते, मुक्कामाचा खर्च येतो. दाखल झाल्यावर भेटीला जाणे हळूहळू कमी होते. मनोरुग्णालयांत बरे होऊनही घरी न्यायला कोणी येत नाही असे रुग्ण वर्षानुवर्षे राहतात, ही तक्रार देशभरची आहे. तिचा दोष नातेवाइकांच्या निष्ठुरपणावर ढकलणे सोपे असते. त्या निष्ठुरपणात अंतराचा वाटा किती, हे मोजायला हवे.

दरम्यान घाटीने बरेच सावरले. १९५६ मध्ये औरंगाबादेत शासकीय वैद्यकीय महाविद्यालय निघाले आणि त्याचे रुग्णालय 'घाटी' या नावाने सबंध मराठवाड्याचे झाले. पुढे अंबाजोगाईला ग्रामीण भागासाठीचे वैद्यकीय महाविद्यालय आले. अशा महाविद्यालयांतील मनोविकृती विभाग, बाह्यरुग्ण कक्ष आणि खासगी मनोविकारतज्ज्ञ यांनी असंख्य रुग्णांना औषधांवर उभे केले. उदासीनता, चिंता, व्यसन यांसाठी मनोरुग्णालयाची गरजही नसते. परंतु आजार जुनाट आणि तीव्र झालेला, बराच काळ देखरेखीखाली ठेवावा लागणारा, किंवा रस्त्यावर सापडलेला बेवारस रुग्ण सर्वसाधारण रुग्णालयाच्या मोजक्या खाटांमध्ये मावत नाही. तो शेवटी पुण्याकडे निघे, नाहीतर घरीच राही.

घरी राहणे याचा अर्थ नेहमी सांभाळ असा होत नाही. कधी मागची खोली, कधी गोठा, कधी पायात साखळी. कधी देवस्थान किंवा दर्गा. महानुभाव पंथाच्या मंदिरांत अशा रुग्णांना घेऊन राहण्याची परंपरा जुनी आहे. फलटणच्या अशाच एका मंदिरात राहणाऱ्या कुटुंबांचा अभ्यास मानववंशशास्त्रज्ञ व्हीडा स्कल्टन्स यांनी केला आणि तो १९८७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांना दिसले ते चटका लावणारे होते. रुग्णासोबत आलेल्या आया आणि बायका स्वतः अंगात येऊन घुमत होत्या. घरच्या माणसाची पीडा आपल्या अंगावर यावी आणि तो मोकळा व्हावा, अशी त्यामागची भावना. अंधश्रद्धा म्हणून हात झटकण्यापूर्वी एवढे लक्षात घ्यावे की, तेथे निदान रुग्णाबरोबर घरचे माणूस राहते. मनोरुग्णालयाच्या दाराशी बहुधा ते परत फिरते.

अर्थात श्रद्धास्थाने म्हणजे सुरक्षित जागा असेही नाही. ६ ऑगस्ट २००१ रोजी तामिळनाडूतील एरवाडी येथे दर्ग्याच्या परिसरातील एका खासगी निवाऱ्याला आग लागली. साखळ्यांनी जखडलेले २८ मनोरुग्ण पळता न आल्याने जळून मेले. या घटनेची सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. त्याआधी १७ ऑगस्ट १९९३ रोजी पत्रकार शीला बर्से यांच्या प्रकरणात याच न्यायालयाने, गुन्हा न केलेल्या मनोरुग्णांना तुरुंगात ठेवणे बेकायदा आणि घटनाबाह्य असल्याचे बजावले होते. तुरुंगाच्या सावलीत जन्मलेल्या व्यवस्थेला ती सावली झटकायला शतक लागले.

इतर देशांतील कुलपे

पाश्चात्त्य देशांतही विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मनोरुग्णालयांना कुलपे लागली, पण त्यांचे कारण वेगळे होते. अमेरिकेत १९५५ मध्ये सरकारी मनोरुग्णालयांतील रुग्णांची संख्या ५ लाख ५९ हजारांच्या घरात होती. औषधे आली, धोरण बदलले आणि ती झपाट्याने उतरली. इटलीत फ्रँको बसाल्या या मनोविकारतज्ज्ञाच्या चळवळीमुळे मे १९७८ मध्ये मनोरुग्णालये टप्प्याटप्प्याने बंद करण्याचा कायदाच झाला. त्रिएस्ते येथील मनोरुग्णालयाची जागा शहराला खुली झाली आणि रुग्णांसाठी वस्त्यावस्त्यांत केंद्रे उघडली. अमेरिकेत ही तयारी अपुरी पडली आणि अनेक रुग्ण रस्त्यावर किंवा पुन्हा तुरुंगातच पोहोचले. न्यूयॉर्क राज्यातील विलार्ड मनोरुग्णालय १९९५ मध्ये बंद झाले तेव्हा माळ्यावर चारशेहून अधिक पेट्या आणि बॅगा सापडल्या. दाखल होताना रुग्णांनी सोबत आणलेले ते सामान होते. कोणाची पत्रे, कोणाची छायाचित्रे, कोणाचे शिवणकाम. त्यांतले अनेक जण तेथेच मरण पावले होते.

त्या देशांतील वादाचा विषय होता बंद झालेल्या रुग्णालयाची जागा कशाने भरून काढायची हा. मराठवाड्यात जागा भरण्याचा प्रश्न निर्माणच झाला नाही, कारण रुग्णालय बंद झाल्याची नोंद कोणी केलीच नव्हती. कागदावर ती संस्था बंद झाली नव्हती, तिचा केवळ पत्ता बदलला होता. एर्रागड्डा येथे ती वाढली, ६०० खाटांची झाली, मानसिक आरोग्य संस्था म्हणून शिक्षण देऊ लागली.

अडुसष्ट वर्षांनी

१९८२ मध्ये राष्ट्रीय मानसिक आरोग्य कार्यक्रम आला, १९९६ पासून त्याचा जिल्हा पातळीवरील भाग सुरू झाला. मराठवाड्यात मानसिक आरोग्य हा विषय सार्वजनिक चर्चेत आला तो मात्र शेतकरी आत्महत्यांमुळे. दुष्काळाच्या पार्श्वभूमीवर राज्य सरकारने २०१५ मध्ये विदर्भ आणि मराठवाड्यातील १४ जिल्ह्यांसाठी 'प्रेरणा' प्रकल्प हाती घेतला. गावपातळीवर आशा कार्यकर्तींनी घरोघर जाऊन नैराश्याची लक्षणे ओळखावीत आणि अशा व्यक्तींना उपचारांपर्यंत पोहोचवावे, अशी त्याची कल्पना. निम्हान्सने २०१५-१६ मध्ये बारा राज्यांत केलेल्या राष्ट्रीय पाहणीत प्रौढांपैकी १०.६ टक्के व्यक्तींना त्या वेळी कोणता ना कोणता मानसिक विकार असल्याचे आढळले. विकारानुसार ७० ते ९२ टक्के लोक उपचारांपासून वंचित होते. महाराष्ट्र त्या बारा राज्यांत नव्हता, तथापि येथले चित्र फार निराळे असेल असे समजण्याचे कारण नाही.

२९ मे २०१८ पासून मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ अमलात आला. साखळीने बांधण्यावर त्याने बंदी घातली. त्याचे १८ वे कलम मराठवाड्याच्या दृष्टीने विशेष लक्षपूर्वक वाचण्यासारखे आहे. मानसिक आजार असलेल्या व्यक्तीला उपचारांसाठी लांबचा प्रवास करावा लागू नये आणि सेवा तिच्या राहत्या ठिकाणाजवळ उपलब्ध असाव्यात, अशी जबाबदारी त्यात सरकारवर टाकलेली आहे. येरवड्याच्या रस्त्यावर कित्येक वर्षे जे घडत होते, ते यानंतर केवळ गैरसोय राहिले नाही, तो हक्काचा भंग ठरला.

आणि २०२१ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने मराठवाड्यासाठी प्रादेशिक मनोरुग्णालय मंजूर केले. त्या वेळी आरोग्यमंत्री होते जालना जिल्ह्यातील राजेश टोपे आणि जागा निवडण्यात आली ती जालन्याचीच. या निर्णयाच्या बातम्यांत मराठवाड्यातील पहिले मनोरुग्णालय असा सूर होता. १९५३ पासून मोजले तर मधे ६८ वर्षे गेली होती. नव्या रुग्णालयासाठी मंजूर झालेल्या खाटा ३६५, म्हणजे चार जुन्या रुग्णालयांपैकी सर्वांत लहान असलेल्या रत्नागिरीइतक्या. ज्या मराठवाड्यासाठी त्या आहेत, त्याची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेनुसार १ कोटी ८७ लाख आहे. जालन्यात जुने रुग्णालय होते तेव्हाच्या, १९५१ च्या जनगणनेत संपूर्ण हैदराबाद राज्याची लोकसंख्या १ कोटी ८६ लाख भरली होती.